जाते म्हणू नये

दुपारी जरा डोळा लागत होता, तेवढ्यात उशाशी फोन वाजला. बँकेचा मेसेज होता, खात्यातून पैसे गेल्याचा. रक्कम इतकी किरकोळ की चोरी असती तर चोराचीच कीव आली असती. पण कुणाकडे गेली ते वाचलं आणि मी उठून बसले. पैसे माशांकडे गेले होते.

मासे खेळातले. फोनवर मत्स्यालयाचा एक खेळ होता. होता, असं मी समजत होते. सारखे दिसणारे तीन शिंपले एका ओळीत आणायचे की मोती मिळायचे. त्या मोत्यांतून माशांचं खाणं, शेवाळ, दगडी कमान असलं काहीबाही घ्यायचं. त्यात एक मिशाळ मासा होता. मी खेळ उघडला की काचेला नाक लावून बघत राहायचा. त्याचं नाव मी बंडोपंत ठेवलं होतं. पुढे कंटाळा आला की स्वतःची लाज वाटली, आता नक्की आठवत नाही, पण एका रात्री मी तो खेळ पुसून टाकला. मनात म्हटलं, संपला संबंध, बुडाले बंडोपंत. (मासा बुडाला, हे आत्ता लिहिताना जाणवलं.) पुसताना मध्ये एक चौकट आली होती असं अंधुक आठवतं, तीत सबस्क्रिप्शन असा काहीतरी शब्दही होता. मी 'ठीक आहे' दाबलं असणार. मी नेहमीच दाबते.

त्याला दोन महिने होऊन वर काही दिवस झाले होते, आणि बंडोपंत दर महिन्याला माझ्याकडून नेमाने खर्चाला घेत होते. आधीचे मेसेज ओटीपींच्या ढिगाखाली गेले असतील.

हे सुरू कसं झालं तेही सांगते. दर दोन डावांनंतर जाहिरात यायची. तुम्हीही पाहिली असेल: राजा गळ्यापर्यंत पाण्यात, वरून मगर येतेय, आणि खेळणारं बोट मुद्दाम चुकीची खुंटी ओढतंय. ते बघून माझा जीव कासावीस व्हायचा. राजासाठी नव्हे, त्या बोटासाठी. इतकं कसं कळत नाही एखाद्याला! कोपऱ्यात फुली उगवायला जे काही सेकंद लागतात, तेवढ्यात मी अख्ख्या मानवजातीवर चिडून घ्यायचे. मग एका संध्याकाळी खेळाने विचारलं, जाहिराती नकोत का? व्हीआयपी व्हा, सात दिवस मोफत. हिरवंगार बटण, आणि त्याच्या वर बंडोपंत, डोक्यावर मुकुट घालून. खाली करड्या रंगात, मुंगीच्या पावलांएवढ्या अक्षरांत: मुदतीनंतर आपोआप नूतनीकरण.

'आपोआप' हा शब्द लहानपणी मला फार आवडायचा. गोष्टीतला गालिचा आपोआप उडायचा, घर आपोआप झाडलं जायचं. आता आपोआप काय काय होतं याची यादी करायची तर केस गळण्यापासून सुरुवात करावी लागेल.

सहाव्या दिवसाचा गजर लावला होता हो मी! आयफोनवाली भाची म्हणाली होती, "मावशी, सातव्या दिवसावर थांबू नकोस. आमच्याकडे तर मुदत संपायच्या २४ तास आधी रद्द करावं लागतं." म्हणजे सात दिवसांचे खरे सहाच. गजर झाला तेव्हा माझे हात साबणाचे होते. कोपराने बंद केला. पुढचं आपोआप.

तर त्या दुपारी कंबर कसून बसले. पहिलं काय केलं, तर खेळ पुन्हा उतरवून घेतला. आत जिथून गेलो तिथूनच बाहेर पडता येईल, असा माझा साधा हिशेब. सेटिंगमध्ये संगीत बंद करता येत होतं, बुडबुड्यांचा आवाज बंद करता येत होता, भाषा तर हवी ती घ्या. बाहेर पडायचं दार तेवढं नव्हतं. असणार कुठून? आपण पैसे खेळाला देतच नाही, ॲप जिथून उतरवतो त्या दुकानाला देतो. खेळ हा दुकानातला एक भाडेकरू. ही आपोआप चालणारी वर्गणी ॲपलने सगळ्या प्रकारच्या ॲप्सना, म्हणजे खेळांनासुद्धा, खुली केली ती २०१६ साली. सोबत एक आमिषही ठेवलं: गिऱ्हाईक वर्षभर टिकलं की दुकानाचा वाटा ३० टक्क्यांवरून १५ वर येणार, उरलेलं सगळं खेळ करणाऱ्याचं. म्हणजे माझ्यासारखी विसरभोळी बाई ही त्या धंद्यातली मुदत ठेवच की!

माझा फोन अँड्रॉइडचा. प्ले स्टोअर, कोपऱ्यात आपला फोटो, त्यात 'पेमेंट आणि सबस्क्रिप्शन', त्यात पुन्हा 'सबस्क्रिप्शन'. आयफोनवर सेटिंगमध्ये सगळ्यात वर आपलं नाव असतं, त्याच्या पोटात. स्वतःच्या चेहऱ्यावर नाहीतर नावावर बोट ठेवल्याशिवाय वर्गणी सापडत नाही, यात काही गहन अर्थ असेल तर तो मला काढायचा नाही. उघडलं तर पान कोरं. एकही सबस्क्रिप्शन नाही! मासे खातायत, पैसे जातायत, आणि दुकान म्हणतंय, बाई, तुमचं आमच्याकडे काही नाही. पंधरा मिनिटं मी बँकेशी मनातल्या मनात भांडले, एक-दोन वाक्यं फारच झणझणीत जमली. मग आठवलं, आपली जीमेल खाती दोन. एक लोकांना सांगण्यासारखं आणि एक जुनं, ज्याच्या नावात त्या काळी मी उगाचच दोन आकडे आणि एक अधोरेषा घातली होती. ज्या खात्यावरून घेतलं त्याच खात्यात ते दिसतं. खातं बदललं, आणि बंडोपंत मुकुटासकट हजर.

इथून पुढे युद्ध होईल अशी माझी तयारी होती. अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने, म्हणजे ग्राहकांची फसवणूक रोखणाऱ्या सरकारी संस्थेने, २०२३ साली ॲमेझॉनवर प्राइमच्या सदस्यत्वावरून दावा लावला. त्यात म्हटलं होतं की सदस्यत्व रद्द करायच्या वाटेला कंपनीतल्याच लोकांनी 'इलियड' नाव दिलं होतं: चार पानं, सहा क्लिक, पंधरा पर्याय. ज्याला कुणाला हे नाव सुचलं त्याला मी मनोमन दाद दिली होती. होमरचं चोवीस सर्गांचं ग्रीक काव्य, ट्रॉय शहरासाठीच्या दहा वर्षांच्या युद्धातले थोडेसेच दिवस त्यात येतात, आणि एवढं सगळं वाचून शेवटी ते शहर पडतही नाही. कारकुनी कामाला इतकं चपखल नाव क्वचित मिळतं. जर्मनीने उलट २०२२ पासून असे करार रद्द करायचं बटण वेबसाइटवर ठेवणं कायद्यानेच सक्तीचं केलं. माझ्या वाट्याला मात्र ना युद्ध आलं ना कायदा. तळाशी एक साधी ओळ होती, सबस्क्रिप्शन रद्द करा. दाबली.

तर त्याने विचारलं, का?

फारसं वापरत नाही. खर्चाचं कारण. तांत्रिक अडचण. याहून चांगलं सापडलं. सांगायचं नाही. रिकामे गोल, त्यातल्या एकात ठिपका भरायचा. माझं बोट तिथे बराच वेळ घुटमळलं. खेळ का सोडलास, हा प्रश्न मला नवा नव्हता.

लहानपणी आम्ही लपाछपी खेळायचो. जिने, गच्ची, पाण्याच्या टाकीमागची सांदी. खेळ सोडण्याचे नियम खेळण्याच्या नियमांपेक्षा कडक होते. मध्येच थांबायचं तर 'टाइमप्लीज' म्हणायचं, तेही लपलेल्यांना ऐकू जाईल असं ओरडून. डाव सोडायचा तर कारण द्यायचं. "आई बोलावतेय" चालायचं, "कंटाळा आला" चालायचं नाही. आणि ज्याच्यावर राज्य असेल त्याने तर जायचंच नाही, आई बोलावो नाहीतर आणखी कुणी.

एकदा राज्य माझ्यावर होतं. शंभरपर्यंत आकडे म्हटले, चौघांना शोधून काढलं, पाचवा सापडेना. तो आमच्यात सगळ्यात लहान, किडकिडीत, चिडका. टाकीमागे पाहिलं, जिन्याखाली पाहिलं, गच्चीवर दोन चकरा मारल्या. बाकीच्यांना घरून एकेक हाका आल्या आणि ते पांगले. मग मीही गेले. टाइमप्लीज नाही, काही नाही. घरी जाऊन हातपाय धुतले आणि गोष्टीचं पुस्तक घेऊन बसले. दिवे लागले. थोड्या वेळाने त्याची आई दारात आली. "हा कुठाय गं?" मी म्हटलं, "मला नाही माहीत." आणि ते खोटंही नव्हतं. खरंच माहीत नव्हतं, त्यासाठीच तर मी शोधत होते.

तो बऱ्याच उशिरा आपणहून बाहेर आला, गच्चीवरच्या मोडक्या कपाटातून. अंगभर कोळिष्टकं आणि तोंड आनंदाने फुललेलं. दुसऱ्या दिवशी ज्याला त्याला सांगत होता, मी सापडलोच नाही! त्याच्या हिशेबात मी रात्रीपर्यंत त्याला शोधत होते. मी ती समजूत तशीच राहू दिली. आता तो दोन मुलांचा बाप आहे, केस पिकलेत, आणि कुठे भेटला की अजून मुलांना सांगतो, ह्या मावशीला मी सापडलो नव्हतो बरं का! मुलं माझ्याकडे बघतात. मी हसते.

मी 'सांगायचं नाही'मध्ये ठिपका भरला.

खरं तर मला निघणं कुठूनच जमत नाही. घोळक्यातून मी हळूच सटकते, कुणी "निघालीस?" म्हटलं की चोरी पकडल्यासारखं होतं. आजी म्हणायची, जाते म्हणू नये, येते म्हणावं. आपली सगळी भाषाच अशी, चपलेत पाय घालत "येते" म्हणणारी. माणसांना कळतं त्यातलं. यंत्राने मात्र 'येते' ऐकलं की ते दार उघडं ठेवून बसतं आणि उघड्या दाराचं भाडं लावतं. बरं, काहीच बोललो नाही, तर मौन म्हणजे संमती. ही काही फोनची अक्कल नव्हे. अमेरिकेत १९७३ साली यावर नियम करावा लागला तो पोस्टाने येणाऱ्या पुस्तकांपायी. पुस्तकांचा क्लब कळवायचा, या महिन्यात हे पुस्तक पाठवतोय, नको असेल तर कळवा. नाही कळवलंत तर पुस्तक दारात, बिलासकट. मला मासिकांची जुनी रीत बरी वाटते. "आपली वर्गणी या अंकाबरोबर संपत आहे" अशी एक चिठ्ठी अंकातून पडायची. आपण काही केलं नाही तर काही व्हायचं नाही, पुढचा अंक यायचा नाही, एवढंच. आळशी माणसाला इतकं सभ्यपणे नंतर कुणी वागवलेलं नाही.

व्यायामशाळांचा एक अभ्यास आहे, स्टेफानो देलाविन्या आणि उल्रिके माल्मेंडियर या दोन अर्थशास्त्रज्ञांचा, २००६ सालचा. महिन्याचे पैसे भरणारी मंडळी व्यायामाला शेवटची कधी गेली आणि त्यांनी सदस्यत्व कधी रद्द केलं, यांमध्ये सरासरी २.३ महिने गेलेले आढळले. मणामणाची वजनं उचलणाऱ्यांना एक अर्ज उचलवत नाही! मी बोटांवर माझे दिवस मोजले. दोन महिने आणि नऊ दिवस. व्यायाम करणाऱ्यांच्या बरोबरीला मी आयुष्यात पहिल्यांदाच आले.

रद्द झालं तसा दुकानाचा निरोप आला: पैसे भरलेत तेवढी मुदत, म्हणजे पुढचा महिनाभर, तुम्ही व्हीआयपी राहाल. आता खेळ उतरवलेलाच होता. मघाशी दार शोधायच्या घाईत मी माशांकडे नीट पाहिलंही नव्हतं. पाणी गढूळ झालं होतं, काचेवर शेवाळ चढलं होतं, पण मासे सगळे जिथल्या तिथे. खेळातले मासे मरत नाहीत. मेले तर गिऱ्हाईक कशासाठी परत येईल? ते नुसते तोंडं पाडून फिरतात. बंडोपंत काचेशी आले. मुकुट जरा तिरका वाटला, मलाच वाटला असेल. खाणं टाकलं. काच पुसली. तीन शिंपले जुळवले, मग आणखी तीन. खिडकीतलं ऊन जमिनीवरून भिंतीवर चढलं होतं.

तेवढ्यात चौकट आली. आम्हाला तुमची आठवण येईल. आत्ताच परतलात तर व्हीआयपी अर्ध्या पैशांत. खाली दोन बटणं. हिरव्यावर 'हो'. करड्यावर 'नंतर'. 'नाही' कुठेच नव्हतं, मी खाली सरकवूनही पाहिलं.

मी 'नंतर' दाबलं.