स्टुपहालेटच्या कड्याखाली : मेगाफोरुरा आर्क्टिका

मेगाफोरुरा आर्क्टिका हा एक स्प्रिंगटेल, म्हणजे मातीत राहणारा बारीक, बिनपंखी, कीटकासारखा जीव. तो शोधायला नॉर्वेच्या स्वालबार्ड बेटांवर जायचं. तिथल्या लाँगइयरब्येनहून छोट्या विमानाने अर्ध्या तासाच्या आत नी-आलेसुंडला पोचता येतं. गाव ७८°५५′ उत्तरेला आहे. वास्कोच्या राष्ट्रीय ध्रुवीय आणि महासागर संशोधन केंद्राचं ‘हिमाद्री’ स्थानक २००८पासून इथंच आहे. रेडिओ दुर्बिणीमुळे वाय-फाय, ब्लूटूथ बंद ठेवायचं. गावाबाहेर पडताना ध्रुवीय अस्वलांसाठी बंदूक आणि ती चालवणारा माणूस हवाच. नमुने घ्यायचे तर परवानगी आधीच काढावी.

किनाऱ्याने पश्चिमेला गेलं की स्टुपहालेटचा पक्षीकडा लागतो. आजूबाजूला नुसती खडी, पण कड्याखाली विष्ठेच्या खतावर शेवाळ गच्च माजलेलं. वरून दगड सुटतात, म्हणून हेल्मेट घालून कडेकडेनं काम करतो. ओला दगड उलटला की खाली पांढरे, जेमतेम दोन मिलिमीटरचे कीटकसदृश जीव हळूहळू सरकताना दिसतात. हा स्प्रिंगटेल असूनही उडी मारत नाही, डोळेही नाहीत. मऊ, ओल्या कुंचल्यानं अलगद उचलता येतो.

याची खरी करामत हिवाळ्यात. भोवतालची माती गोठली की त्याच्या पातळ त्वचेतून पाणी बाहेर जाऊन बर्फाला मिळतं, आत ट्रेहॅलोज साखर साठते आणि प्राणी मनुक्यासारखा सुरकुततो. गोठण्याजोगं पाणीच फारसं उरत नाही. पण याला वेळ लागतो! जिवंत नमुना थेट उणे २० अंशांच्या फ्रीझरमध्ये टाकला तर पाणी बाहेर पडण्याआधीच अंगात बर्फ होतो आणि सगळे मरतात. प्रयोगासाठी डब्यात बर्फाचे कण ठेवून तापमान सावकाश, एकेक अंशानं उतरवावं.

नेताना धोका कोरडेपणाचा. हीच त्वचा कोरड्या हवेत काही तासांत जीव घेते, म्हणून कागदी पिशवी नको. प्लास्टर ऑफ पॅरिस आणि कोळशाच्या भुकटीचा थर दिलेला डबा ओला करून घ्यावा. मात्र थेंब साचू देऊ नयेत, त्यात ते चिकटून अडकतात. सुमारे ५ अंशांवर ठेवून चिमूटभर बेकरीचं यीस्ट दिलं की पुरतं.

शेवाळातून काढायचे तर टुलग्रेन फनेल, म्हणजे वरून दिव्याची ऊब देऊन जीवांना खाली उतरवणारं नरसाळं. थर पातळ ठेवावा, दिवा मंद. झपाट्यानं तापवलं तर खाली उतरण्याआधीच ते वाळतात. डीएनएसाठी ९५ टक्के अल्कोहोल वापरतो. अंगाला पाणी लागत नसल्यानं काही वरच तरंगतात, मग कुपी हलकेच हलवावी. आतलं लेबल पेन्सिलीनं लिहावं, शाई अल्कोहोलमध्ये विरघळते.