हरकत

बेलीफ म्हणजे समन्स वाटणारा, एवढंच लोकांना माहीत असतं. कब्जा वॉरंट, म्हणजे हरलेल्याकडून जागा ताब्यात घ्यायचा कोर्टाचा हुकूम, कळतं ते ज्याच्या दारात आम्ही उभे राहतो त्यालाच. भत्ता भरला, कोर्टाच्या नाझरसाहेबांनी वॉरंट दिलं की दोन पंच घेऊन निघायचं, चतुःसीमा पडताळायच्या, सामान बाहेर काढायचं, कब्जापावती करायची. तिऱ्हाइतानं हरकत घेतली तर जबरदस्ती नाही, अहवाल लिहून परत. ही शेवटची गोष्ट काही लोकांनी पाठ केली आहे.

आमच्या कोर्टातला हा दावा २००४ चा. एक घर, त्याला लागून एक गाळा. अपिलं हरल्यावर ऋणको, म्हणजे हरलेला प्रतिवादी, कामाला लागला. आधी मेहुणा उभा राहिला, २०१६ चं खरेदीखत घेऊन. मग मुलगा: घर वडिलोपार्जित, माझा हिस्सा द्या, निशाणी पाचवर, म्हणजे तात्पुरत्या मनाईच्या अर्जावर, मनाई द्या. ती उठली तर बायको, मग भाचा. प्रत्येकाचा वकील वेगळा, पण सगळ्या अर्जांत ‘मिळकत’ची पहिली वेलांटी दीर्घ. सर्वोच्च न्यायालयानं २०२१ मध्ये सांगितलं की दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, सहा महिन्यांत निकाली काढा. इथे सहा महिने हरकतदाराचं म्हणणं यायलाच जातात. खोट्या दाव्याबद्दल भरपाई मागावी तर कलम ३५-अ प्रमाणे कमाल ३००० रुपये. एवढ्यावर कोण घाबरतो? उपद्रवी दावेबाजांसाठी महाराष्ट्रात १९७१ चा कायदा आहे, पण त्याखाली अर्ज महाधिवक्त्यांनी उच्च न्यायालयात करायचा. तालुक्याच्या घरासाठी तिथवर कोण जातो!

शेवटी एकही मनाई शिल्लक राहिली नाही. पोलीस बंदोबस्त मिळाला. घर दुपारपर्यंत रिकामं झालं, ऋणको फिरकलासुद्धा नाही. मग गाळा. आत एक बाई शिलाई मशीनवर ब्लाउज शिवत होत्या.

“भाऊसाहेब, मी भाडेकरू आहे. आम्हाला कुणी काही कळवलंच नाही.”

सगळे हसले. दरखास्तदाराचे वकील म्हणाले, “घ्या, पाचवी आली.”

बाईंनी पिशवीतून भाडेपावत्या काढल्या, वारलेल्या नवऱ्याच्या नावाच्या. सगळ्यात जुनी २००१ ची. माझ्या हातातल्या वॉरंटवर दाव्याचं साल २००४. आदेश २१ चा नियम १०२ आम्हा बेलिफांना तोंडपाठ असतो: दावा सुरू असताना ऋणकोकडून मिळकत घेतलेल्याला हरकत घेता येत नाही. मेहुणा त्यातच अडकला होता. या बाईंची पावती मात्र दाव्याच्या आधीची.

फौजदार म्हणाले, “उरका हो, अंधार पडायच्या आत.” मूळ वादी कधीच वारले, आता वारस म्हणून त्यांचा मुलगा लढतो आहे. तो रडकुंडीला आला होता. त्याचं चुकलं असं मी म्हणणार नाही. पण पावती खरी की खोटी हे ठरवायचा अधिकार मला नाही, न्यायाधीशांना आहे. घराची कब्जापावती केली, गाळ्यापुरती हरकत लिहिली, प्रत्येक पावतीचा क्रमांक आणि तारीख पंचनाम्यात उतरवली. मुलगा सगळ्यांसमोर म्हणाला, “तुम्हालाही विकत घेतलं का त्यानं?” वकिलांनी तक्रारीची धमकी दिली. ती त्यांची सवयच आहे.

आता नियम ९७ खाली या हरकतीची चौकशी सुरू आहे. ऋणकोनं आपणहून बाईंच्या बाजूनं शपथपत्र घातलं, आणि होती नव्हती ती बाईंची पतही गेली. बाईंच्या अर्जातही ‘मीळकत’ दीर्घच आहे. अर्थात कोर्टाच्या फाटकाबाहेर टायपिस्ट एकच बसतो, माझ्या भावाचा अर्जही तिथेच टाइप झाला होता.

शिरस्तेदार म्हणतात, बाई मॅनेज केलेली आहे, कोरं पावतीपुस्तक आजही मिळतं. मी म्हणतो, तसं असतं तर पहिल्या हरकतीलाच हिला पुढे केली असती, मेहुण्याला कशाला? ते म्हणतात, हुकमाचं पान शेवटी टाकतात. वीजबिलावरून काही कळेल म्हणून पाहिलं, तर मीटर ऋणकोच्याच नावावर. गाळ्यांचं बहुधा असंच असतं.

पुढची तारीख बाईंच्या उलटतपासाची आहे.