सासू, नणंद आणि सुगिको

आज जपानी दिग्दर्शक मिकिओ नारुसेचा शेवटचा मूकपट पाहिला, ‘कागिरिनाकी होदो’, १९३४चा. टोकियोतल्या गिंझा भागातल्या कॅफेत काम करणारी सुगिको. ज्याच्यावर तिचा जीव जडलाय त्याच्या घरचे त्याचं लग्न दुसरीकडे जमवतायत. ही श्रीमंत घरात पडते, तिथे सासू-नणंद ऊठसूट कुळ काढणार. नवरा? आईपुढे चिडीचूप. (मूकपटातही हा जरा जास्तच मुका!)

पण इस्पितळातला प्रसंग काय आहे! नवरा मरणाच्या दारात, आणि ती दोघींना तोंडावर सुनावते: तुमचं प्रेम घराण्याच्या नावावर, माणसावर नाही. निघून जाते, परत कॅफेत कामाला.

तेव्हा पडद्याशेजारी बेन्शी उभा राहून सगळ्या पात्रांचं बोलायचा. हे सुनावणं एखाद्या बेन्शीच्या तोंडून ऐकायला काय मजा आली असती!