एकशे दहा घोड्यांची पागा

अश्वशक्ती या शब्दाशी माझी पहिली ओळख मोटारीने नव्हे, विहिरीने करून दिली. आमच्या गावाकडे एखाद्याच्या विहिरीला पाणी किती, हे विचारण्याआधी मोटर किती एचपीची, हे विचारण्याची रीत होती. ‘तीनची’, ‘पाचची’, ‘साडेसातची’ एवढे उत्तर पुरत असे, आणि त्या एका आकड्यावरून समोरच्याची बागायत किती असेल याचा हिशेब ऐकणारा मनातल्या मनात मांडून मोकळा होई. एचपी म्हणजे घोडे, हे कोणीतरी सांगितल्यावर आमच्या विहिरीच्या काठावरच्या त्या लोखंडी ठोकळ्यात पाच घोडे कोंडलेले आहेत आणि बटण दाबताच ते आतल्या आत गोल गोल धावू लागतात, अशी माझी बरीच वर्षे समजूत होती. आजही कोणत्याही वाहनाची ताकद वाचली की मी आधी पाचने भागून पाहतो.

२०२१ मध्ये चाकणच्या कारखान्यात तयार झालेली फोक्सवॅगन पोलो मी घेतली, तेव्हा तिच्या माहितीपत्रकात ‘११० पीएस’ असे छापलेले होते. पीएस हा घोडा जर्मन आहे. पंचाहत्तर किलोचे वजन एका सेकंदात एक मीटर उचलणारा, अश्वशक्तीचे माप ठरवणाऱ्या जेम्स वॅटसाहेबाच्या इंग्रजी घोड्यापेक्षा अगदी किंचित अशक्त. जर्मनीने १९७८ पासून सरकारी कागदावरून या घोड्याला निवृत्त करून त्याच्या जागी किलोवॅट बसवला, पण बोलताना मात्र तिथेही अजून घोडेच मोजतात. ११० भागिले पाच, म्हणजे बावीस मोटरी, असा माझा हिशेब झाला. तो करता करता लक्षात आले की हा आकडा आपण आधी कुठेतरी वाचलेला आहे. पोलोच्या थोरल्या घराण्यातली, ज्या गाडीमुळे ‘हॉट हॅच’, म्हणजे छोटी पण वेगवान हॅचबॅक, हा प्रकारच जगभर रूढ झाला, ती पहिली गोल्फ जीटीआय नेमकी एकशे दहा घोड्यांचीच होती. तेव्हापासून त्या गाडीच्या प्रत्येक पिढीची पागा मोजण्याचा नाद मला लागला आहे.

ती पहिली जीटीआय सप्टेंबर १९७५ मध्ये फ्रँकफर्टच्या प्रदर्शनात लोकांसमोर आली आणि पुढच्या वर्षी विक्रीला निघाली. तिचा जन्म मात्र काहीसा चोरूनच झाला. तेलसंकटाचे दिवस नुकतेच सरले होते. त्या संकटात पश्चिम जर्मनीने एरवी वेगमर्यादा नसलेल्या ऑटोबान या महामार्गांवरसुद्धा काही महिने ताशी १०० किलोमीटरची मर्यादा घातली होती. अशा वेळी वेगवान गाडीचे नाव काढणे म्हणजे दुष्काळात लग्नाची पंगत मांडण्यासारखेच होते. तरीही चाचणी विभागातले आल्फॉन्स ल्योवेनबेर्ग, प्रसिद्धी विभागाचे प्रमुख आन्टोन कोनराड आणि त्यांच्यासारख्याच मोजक्या वेड्यांनी वरिष्ठांच्या परवानगीची वाट न पाहता हा उद्योग सुरू केला. साध्या गोल्फला सर्वांत लहान इंजिनात ५० घोडे मिळत. या मंडळींनी १५८८ सीसीचे, पेट्रोल फवारणाऱ्या बॉशच्या यंत्रणेचे इंजिन बसवून तो आकडा ११० वर नेला. शेवटी वरून होकार मिळाला तोही हात राखूनच. ५००० गाड्या विकल्या गेल्या तरी पुष्कळ, असा अंदाज होता. त्या एका पिढीच्याच साडेचार लाखांहून जास्त गाड्या खपल्या.

त्या काळी मुंबईत कुर्ल्याच्या कारखान्यातून बाहेर पडणाऱ्या पद्मिनीच्या इंजिनात चाळीसच्या आसपास घोडे असत आणि तेवढ्यावर आख्खे कुटुंब, टपावरची वळकटी आणि लोणच्याची बरणी घेऊन ती घाट चढत असे, हे आठवले की एकशे दहा या आकड्याचे वजन कळते. खरी गंमत मात्र ओझ्यात होती. ती पहिली जीटीआय जेमतेम ८१० किलोची. म्हणजे एका घोड्याच्या वाट्याला साडेसात किलोसुद्धा येत नव्हते. एवढे ओझे घोड्याला दप्तरासारखेच. ताशी १८२ किलोमीटरचा वेग तिला त्यामुळेच साधला, आणि मोठ्या मर्सिडिझवाल्यांना आरशात तिच्या जाळीभोवतीची बारीक लाल रेघ जवळ येताना दिसू लागली. (गिअरच्या दांड्याला गोल्फच्या चेंडूची मूठ लावण्याची कल्पना गुनहिल्ड लिल्येक्विस्ट या बाईंची. घोड्यांच्या हिशेबात तिला जागा नाही, पण लगामाची मूठ म्हणून तिचा उल्लेख करायला हरकत नसावी.)

इथून पुढे आकडा वर्षागणिक वाढत गेला असेल, असे कोणालाही वाटेल. मलाही वाटले होते. प्रत्यक्षात पुढची पंधरा-सोळा वर्षे ही पागा जवळजवळ जिथल्या तिथेच राहिली. १९८२ मध्ये इंजिन १.६ वरून १.८ लिटरचे झाले, तेव्हा घोडे वाढले फक्त दोन. ११० चे ११२. मोठ्या इंजिनाचा खरा लाभ खालच्या गिअरमध्ये गाडी सहज उचलण्यात होता, पण तो माहितीपत्रकातल्या आकड्यात दिसणारा नव्हता. १९८४ ची दुसरी पिढी अंगाने भरली, लांबरुंद झाली, नऊशे किलोंच्या पुढे गेली आणि घोडे तेच ११२. त्यानंतर जे झाले ते या सगळ्या वंशावळीत मला सर्वांत लोभस वाटते: आकडा चक्क खाली आला.

कारण होते कॅटॅलिटिक कन्व्हर्टर, म्हणजे धुरातले विषारी वायू कमी करणारे उपकरण. धुराड्यात बसवलेल्या त्या मधमाश्यांच्या पोळ्यासारख्या जाळीला शिसेमिश्रित पेट्रोल चालत नाही, ते जाळी निकामी करते. म्हणून शिसेविरहित पेट्रोल आले, त्या पेट्रोलला मानवेल असे दाबाचे प्रमाण इंजिनात आले, आणि धूर बाहेर पडण्याच्या वाटेत एक अडथळाही आला. या सगळ्याची किंमत पाच घोड्यांची. ११२ चे १०७ झाले. आमच्या भाषेत सांगायचे तर विहिरीवरची एक आख्खी मोटर उतरवून ठेवली. सोळा झडपांच्या अधिक तापट जीटीआयचे १३९ घोडे होते, तिला तर दहा घोडे द्यावे लागले. आपल्याकडे मुंबईसह चार महानगरांत नव्या गाड्यांना ही जाळी १९९५ मध्ये सक्तीची झाली, तेव्हा ‘पिकअप गेला’ अशी कुरकूर मी स्वतः ऐकलेली आहे. जाहिरातीत वाढता आकडा सगळेच मिरवतात. लोकांनी जरा स्वच्छ श्वास घ्यावा म्हणून शर्यतीच्या गाडीने आपल्या पागेतले घोडे सोडून दिले, ही गोष्ट मात्र कोणी मोठ्या अक्षरांत छापली नाही.

तिसऱ्या पिढीबद्दल फार लिहावेसे वाटत नाही. १९९१ ची ही गाडी एक हजार किलोंच्या पुढे गेली आणि साध्या जीटीआयच्या नशिबी ११५ घोडे आले. एकेका घोड्यावर नऊ किलो. मागाहून आलेल्या १५० घोड्यांच्या भावंडाने घराण्याची अब्रू काही अंशी सांभाळली, एवढेच. मराठ्यांच्या फौजेत पागेतला सरकारी घोडा घेऊन लढणारा बारगीर आणि स्वतःचा घोडा आणणारा शिलेदार असा भेद असे. पण दोघांच्याही मागून सामानाची तट्टे चालत, आणि मोहीम लांबली की लढणाऱ्या घोड्यांपेक्षा ओझ्याच्या तट्टांचीच संख्या वाढू लागे. नव्वदच्या दशकातल्या गाड्यांचे तसेच झाले होते. दारांतल्या लोखंडी पट्ट्या, हवेच्या पिशव्या, वातानुकूलन, जाड गाद्या यांतली एकही वस्तू अनावश्यक म्हणता येणार नाही, पण प्रत्येक वस्तूने एकेक घोडा तट्टांच्या रांगेत नेऊन बांधला.

ही कोंडी फोडली टर्बोने. इंजिनातून बाहेर पडणारा तापलेला धूर एरवी वाया जातो; त्याच्या वाटेत एक चक्र ठेवायचे, ते धुराच्या जोराने फिरवायचे, आणि त्याच दांड्यावरच्या दुसऱ्या चक्राने बाहेरची हवा दाबून सिलिंडरमध्ये कोंबायची. हवा जास्त, म्हणून पेट्रोल जास्त, म्हणून जोर जास्त. १९९८ च्या चौथ्या पिढीतल्या १.८ लिटरच्या टर्बो इंजिनाने १५० घोडे दिले आणि २००१ मध्ये पंचविसाव्या वर्षाच्या खास गाडीत १८०. त्या पिढीने लाल रेघ पुसून टाकली होती, गाडी सुखवस्तू आणि थोडी आळशी झाली होती, म्हणून जुने भक्त तिला नावे ठेवतात. त्यांचे म्हणणे मला पटते, पण पुढच्या सगळ्या वाढीचे बी त्याच इंजिनात होते हेही तितकेच खरे. २००४ मध्ये पाचवी पिढी आली ती लाल रेघ परत घेऊन, दोन लिटरचे टर्बो इंजिन घेऊन, पेट्रोल थेट सिलिंडरमध्ये फवारत आणि २०० घोड्यांनिशी. गाडी तेराशे किलोंवर गेलेली असूनही एका घोड्याचे ओझे सात किलोंच्या आत आले. साध्या जीटीआयला पहिल्या गाडीचा हिशेब पुन्हा जुळवायला आणि ओलांडायला असा जवळजवळ तीन दशकांचा काळ लागला.

टर्बोने घोड्यांच्या संख्येपेक्षाही त्यांची हजेरी बदलली. पहिल्या जीटीआयचे सगळे एकशे दहा घोडे मिनिटाला ६१०० फेऱ्यांवरच एकत्र जमत; तोपर्यंत चालकाने इंजिन ओरडवत, गिअर धरून ठेवत त्यांना गोळा करायचे. तिचा टॉर्क, म्हणजे चाक पिळण्याचा जोर, १४० न्यूटन-मीटर आणि तोही ५००० फेऱ्यांवर. पाचव्या पिढीत दुप्पट, म्हणजे २८० न्यूटन-मीटर, आणि ते १८०० फेऱ्यांपासूनच हजर. जुन्या गाडीत वेग कमवावा लागे, नव्या गाडीत तो पाय टेकवताच पानात वाढला जातो. यातले कोणते चांगले, यावर पुण्यातल्या माझ्या मित्रमंडळींत चहाचे बरेच कप रिते झाले आहेत. माझे मत जुन्या गाडीच्या बाजूने आहे, आणि ती मी कधीही चालवलेली नाही, हे मित्र दर वेळी आठवणीने सांगतात.

त्यानंतरची चढण सरळ आहे. सहाव्या पिढीत २१०, सातवीत २२० आणि जास्तीचे पैसे मोजणाऱ्याला २३०, २०२० च्या आठवीत २४५, २०२४ च्या तिच्या सुधारित रूपात २६५. मधूनमधून खास आवृत्त्या निघाल्या. २०१६ मध्ये मागचे आसन काढून टाकून केवळ चारशे गाड्यांपुरती केलेली ३१० घोड्यांची एक, आणि जीटीआयच्या पन्नाशीनिमित्त २०२५ मध्ये दाखवलेली ३२५ घोड्यांची दुसरी. पासष्ट मोटरी! आमच्या गावच्या अर्ध्या शिवाराला पाणी पुरेल. अडचण एकच, की हे सगळे घोडे आजही पुढच्या दोन चाकांनाच जुंपलेले असतात, आणि तीच दोन चाके गाडी वळवण्याचेही काम करतात. वळणावर जोर लावला की आतले चाक हलके होऊन नुसतेच गरगरते, सुकाणू हातातून ओढले जाते. म्हणून आता आतल्या चाकाला हलकाच ब्रेक लावून जोर बाहेरच्या चाकाकडे वळवणारी यंत्रणा असते, आणि सातव्या पिढीपासून महागड्या गाड्यांत त्यासाठी संगणकाच्या हुकमाने चालणारे डिफरन्शियलच, म्हणजे दोन चाकांत जोर वाटून देणारे यंत्र, असते. घोडे वाढवणे सोपे होते, खरी अक्कल त्यांना आवरणाऱ्या मोतद्दारात खर्च झाली.

आपल्याकडे हे घराणे फार उशिरा आणि पाहुण्यासारखे आले. २०१६ मध्ये १९२ घोड्यांची तीन दारांची पोलो जीटीआय आली, तीही मोजून ९९. मे २०२५ मध्ये २६५ घोड्यांची अस्सल गोल्फ जीटीआय आली, पूर्ण तयार होऊन जहाजातून, सुमारे ५३ लाखांना. माझ्या वाट्याला चाकणची पोलो आहे, याचे मला दुःख नाही. पहिल्या जीटीआयला जे एकशे दहा घोडे मिळवायला १५८८ सीसी आणि चार सिलिंडर लागले, तेच माझ्या गाडीत ९९९ सीसी आणि तीन सिलिंडरांत मावले आहेत, टॉर्क तर १४० ऐवजी १७५ आहे. फक्त एका घोड्यावरचे ओझे दहा किलोंच्या घरात आहे, आणि दिवाळीच्या दिवसांत त्यात फराळाचे डबे मिळवावे लागतात.

गेल्या दिवाळीत आमचे थोरले चुलते आबा यांना घेऊन मी पुण्याहून जुन्नरकडे निघालो होतो. चाकणच्या तळेगाव चौकात, जिथे ही गाडी जन्मली त्या कारखान्यापासून थोड्याच अंतरावर, आम्ही अर्धा तास एकाच जागी उभे होतो.

“किती एचपीची म्हणालास रे ही?” आबांनी विचारले.

“एकशे दहाची, आबा.”

“म्हणजे बावीस मोटरी.” भागाकार आमच्या घरातच आहे. “आणि ह्या पुढच्या ट्रॅक्टरची?”

कांद्याच्या गोण्यांनी भरलेली ट्रॉली ओढणारा ट्रॅक्टर आमच्या डाव्या अंगाला होता. “असेल पंचेचाळीसची.”

तेवढ्यात ट्रॅक्टरवाल्याने रस्त्याच्या कडेच्या मातीत चाक उतरवले आणि तो डुलत डुलत आमच्या पुढे निघून गेला. आबांनी काच खाली करून तो दिसेनासा होईपर्यंत पाहिले.

“नऊ मोटरी,” ते म्हणाले.