गळ्याच्या खळगीतला नसलेला स्नायू

जुलैमधली सकाळ होती. मालवणकडून रुग्णवाहिकेतून आलेल्या मावशी स्ट्रेचरवर आडव्या नव्हत्या, कडेला पाय सोडून बसल्या होत्या. हात गुडघ्यांवर टेकलेले, मान पुढे काढलेली, आणि श्वास आत घेताना दर वेळी करवत चालल्यासारखा आवाज. "आई रात्रभर बसान आसा, आडवी पडूक होना नाय," सून सांगत होती. छातीच्या हाडाच्या वरची खळगी प्रत्येक श्वासाला बोटभर आत ओढली जात होती. नाडी १२४. मास्क लावून ऑक्सिजन ९३ टक्के.

आवाज मात्र जवळजवळ स्वच्छ होता, आणि निदानाची खूण तीच होती. दोन्ही स्वरतंतूंना बाहेर ओढणारी शक्ती गेली की ते मध्यरेषेजवळ येऊन थांबतात. ते एकमेकांना चांगले टेकत असल्यामुळे बोलणं ठीक राहतं, पण हवेला वाट उरते ती फटीएवढी. अशी माणसं वर्षानुवर्षं चढ चढताना दम लागतो एवढीच तक्रार करतात. मग एखाद्या सर्दीनं त्या फटीला सूज येते आणि एका रात्रीत सगळं बदलतं. नाकातून दुर्बीण घातल्यावर तेच दिसलं. फट जेमतेम २ मिलिमीटर होती.

गळ्यावर आडवा, जुना व्रण होता. ४ वर्षांपूर्वी एका मोठ्या शहरात थायरॉइडची पूर्ण गाठ काढली होती, आणि ती छातीच्या हाडामागे उतरलेली होती. सुनेनं प्लास्टिकच्या पिशवीत डिस्चार्ज कार्ड जपून आणलं होतं. त्यावर हातानं लिहिलेली एक ओळ अशी: स्टर्नोट्रॅकिअल मसल कापला, पुन्हा शिवला.

असा स्नायू माणसाला नाही.

अ‍ॅड्रिनलिनची ५ मिलीची वाफ चालू होती, शिरेतून डेक्सामेथासोन ८ मिलिग्रॅम गेलं होतं, भूलतज्ज्ञ साडेपाच नंबरची नळी काढून तयार होते. त्या दहा-पंधरा मिनिटांत ही ओळ नीट समजून घेणं गरजेचं होतं. ट्रेकिऑस्टॉमीसाठी, म्हणजे गळ्यातून श्वासनलिकेला छिद्र पाडून नळी घालायला, ज्या जागी चाकू जाणार होता त्याच जागेबद्दल ती होती, आणि तिथे नेमकं काय कापलं, कशाला शिवलं हे ती सांगत नव्हती.

आमचे निवासी डॉक्टर बीएएमएस आहेत. नातेवाइकांना समजवायला त्यांनी त्या शब्दाचं मराठी केलं, 'उरोस्थी-श्वासनलिका स्नायू', आणि लगेच स्वतःच थांबले. "सर, हा स्नायू म्हणजे मसल की बंध?" प्रश्न अगदी रास्त होता. मराठीत आपण मसलला स्नायू म्हणतो. आयुर्वेदाच्या शारीरात मात्र मसलला पेशी म्हणतात. तिथे पेशी ५०० आणि स्नायू ९०० मोजले आहेत, आणि ते स्नायू म्हणजे बांधून ठेवणारे दोर, लिगामेंट आणि टेंडनच्या जवळचे. त्यात आजच्या मराठीत पेशी म्हणजे सेल. बंगालीत तर स्नायू म्हणजे नर्व्ह. रक्त पुसत काम करताना या तिघांतला फरक जिवावर बेतू शकतो. कापलेला मसल आखडून दूर जातो, बंध जागेवर राहतो आणि इथली नर्व्ह कापली तर स्वरतंतू हलायचाच थांबतो. म्हणून आम्ही शस्त्रक्रियेच्या नोंदीत मूळ लॅटिन नाव देवनागरीत लिहितो आणि मराठी अर्थ पुढे वाक्यात सांगतो.

या नावांची रचना समजली तर ती पाठ करावी लागत नाहीत. आधी उगमाचं टोक, मग जोडणीचं टोक. स्टर्नोहायॉइड उरोस्थीच्या (छातीच्या हाडाच्या) वरच्या तुकड्याच्या, म्हणजे मॅन्युब्रियमच्या, मागून निघतो आणि जिभेखालच्या हायॉइड हाडाला लागतो. स्टर्नोथायरॉइड त्याच्याखाली झाकलेला, अधिक रुंद आणि आखूड असतो. तो मॅन्युब्रियमच्या मागूनच, पण आणखी खालून निघतो आणि थायरॉइड कूर्चेवरच्या तिरक्या रेषेला लागतो. थायरॉइड ग्रंथीला नव्हे. इथे विद्यार्थी हमखास चुकतात. दोघेही श्वासनलिकेच्या पुढून जातात, पण तिला चिकटत नाहीत.

आणखी एक बारकावा पुस्तकात एका ओळीत असतो आणि टेबलावर फार उपयोगी पडतो. दोन बाजूंचे स्टर्नोहायॉइड खाली एकमेकांपासून दूर असतात आणि वर जाताना जवळ येतात. स्टर्नोथायरॉइडचं उलट. ते खाली, उरोस्थीजवळ, एकमेकांना टेकतात आणि वर फाकतात. त्यामुळे खळगीच्या अगदी वर मध्यरेषेत शिरलं तर पहिल्या थरात फट मिळते आणि दुसऱ्या थरात मांस लागतं.

मांसाशिवाय उरोस्थी आणि श्वासनलिकेच्या मध्ये काय काय आहे? मानेभोवतीचं वरचं फॅशिया, म्हणजे स्नायूंवरचं पातळ आवरण, खाली दोन पदरांत फुटून मॅन्युब्रियमच्या पुढच्या आणि मागच्या कडेला लागतं. त्या दोन पदरांमधली पोकळी म्हणजे बर्न्सची जागा. अ‍ॅलन बर्न्स (१७८१-१८१३) या स्कॉटिश शरीररचनाशास्त्रज्ञाचं नाव तिला मिळालं आहे. तिच्यात चरबी असते आणि दोन्ही बाजूंच्या पुढच्या जुग्युलर शिरांना जोडणारी आडवी शीर. ट्रेकिऑस्टॉमीत पहिला रक्तस्राव होतो तो बहुधा हिचाच. त्याच्या मागे स्ट्रॅप स्नायू, म्हणजे वर सांगितलेले पट्टीसारखे स्नायू, त्यांच्या मागे प्रीट्रॅकिअल, म्हणजे श्वासनलिकेपुढचं, फॅशिया. हे फॅशिया वर थायरॉइडला वेढतं आणि खाली छातीत उतरून हृदयाच्या आवरणात मिसळतं. गळ्यात जखम घट्ट शिवली तर बाहेर पडू न शकलेली हवा याच थराच्या आधारानं छातीत उतरते, म्हणून ट्रेकिऑस्टॉमीची जखम कधी आवळून शिवत नाहीत. थायरॉइडच्या खालच्या टोकापासून थायमसकडे जाणारा पातळ पट्टा म्हणजे थायरोथायमिक लिगामेंट. खालची पॅराथायरॉइड ग्रंथी पुष्कळदा त्यात सापडते. आणि मॅन्युब्रियमच्या मागे श्वासनलिकेवरून तिरकी जाणारी ब्रॅकिओसेफॅलिक धमनी. काहींमध्ये ती खळगीच्याही वर डोकावते.

कार्डावरचा तो शब्द यांपैकी कशासाठी होता?

मावशींना ४५ अंशांत बसवूनच काम सुरू केलं. खांद्याखाली उशी आणि मान मागे, ही पुस्तकातली स्थिती त्यांना सोसली नसती. जागा बधिर करायला १ टक्का लिग्नोकेन, २ लाखांत १ भाग अ‍ॅड्रिनलिनसह, १० मिली. खळगीत आधी बोट ठेवून ठोका चाचपला. उजवीकडे खोल ठोका होता, पण तो हाडाच्या आतच. छेद उभा, क्रिकॉइडच्या, म्हणजे स्वरयंत्राच्या तळाच्या गोल कूर्चेच्या, खालच्या कडेपासून साडेतीन सेंटिमीटर. तातडीच्या वेळी उभाच बरा, कारण मध्यरेषा सुटत नाही आणि शिरा कमी लागतात.

थायरॉइड पूर्ण काढलेली असली की श्वासनलिकेच्या दुसऱ्या ते चौथ्या कड्यावर बसणारा इस्थमस, म्हणजे ग्रंथीच्या दोन बाजू जोडणारा मधला भाग, नसतो, त्यामुळे काम सोपं होईल असं वाटतं. प्रत्यक्षात इस्थमस गेला की स्ट्रॅप स्नायू थेट श्वासनलिकेवर येऊन बसतात. इथे फॅशियाची पांढरी रेषा कुठेच नव्हती. होता तो बोटाच्या रुंदीचा, लालसर-पांढरा, ताठ पट्टा. खाली उरोस्थीच्या मागे जाणारा आणि वर श्वासनलिकेच्या पुढच्या भागात रुतलेला. मावशींनी आवंढा गिळला की तो ताणला जाई आणि जुना व्रण आत खेचला जाई.

तेव्हा कार्डावरची ओळ उलगडली. छातीत उतरलेली गाठ बाहेर काढायला दोन्ही स्टर्नोथायरॉइड अगदी खाली, जिथे ते एकमेकांना टेकतात तिथे, कापले असणार. शिवताना टाक्यात प्रीट्रॅकिअल फॅशियाही आलं. ४ वर्षांत तिथे घट्ट व्रणपेशीजाल तयार झालं. निसर्गात नसलेला उरोस्थी-श्वासनलिका पट्टा या एका गळ्यात खरोखरच होता, टाक्यानं घडवलेला.

असा पट्टा समोर आला की हात आपोआप खाली जातो, कारण खाली तो सुटा दिसतो. तिथेच थांबायचं. खाली त्याच्या मागे डावी ब्रॅकिओसेफॅलिक नीला आणि तीच धमनी, व्रणानं ओढलेली असू शकतात. आम्ही वर गेलो. क्रिकॉइड नखाला लागेपर्यंत आधी वर, मग कुर्चेच्या पृष्ठभागाला चिकटून एकेक कडं मोजत खाली. पट्टा दुसऱ्या कड्यावरून धारदार सोडवला. चिमट्यानं बोथट ओढाताण केली की व्रण फाटत नाही, शेजारची शीर फाटते. मग सलाइन भरलेल्या सिरिंजची सुई मध्यरेषेत. बुडबुडे आले. त्याच सुईतून ४ टक्के लिग्नोकेन २ मिली, खोकला थांबायला. दुसऱ्या आणि तिसऱ्या कड्यामध्ये छेद, तिसऱ्या कड्याला दोन्ही बाजूंनी धाग्याचे टाके, आणि ७ नंबरची, भोवती फुगणारा कफ असलेली नळी. कॅप्नोग्राफवर, म्हणजे श्वासातला कार्बन डायऑक्साइड दाखवणाऱ्या यंत्रावर, लाट दिसली, आणि तो करवतीचा आवाज एका क्षणात बंद झाला. मावशी तीन-चार श्वास घेऊन तशाच बसल्या जागी झोपल्या. रात्रभराची झोप होती ती.

पहिलं कडं वाचवायचं, नाहीतर पुढे स्वरयंत्राखाली श्वासमार्ग आक्रसतो. चौथ्याच्या खाली जायचं नाही, नाहीतर नळीची कड किंवा कफ धमनीला घासत राहतो. त्यातून होणारा रक्तस्राव क्वचित होतो, पण झाला तर बहुधा पहिल्या तीन आठवड्यांत, आणि तो फार थोड्यांना वाचू देतो. कफचा दाब २५ सेंटिमीटर पाण्याएवढा ठेवला आणि दर पाळीला मोजला.

तो शब्द कार्डावर कुठून आला असेल? मस्क्युलस स्टर्नोट्रॅकिअलिस हे नाव खरं आहे, पण ते पक्ष्यांचं. १८९५ साली बाझलमध्ये ठरलेल्या मानवी नामावलीपासून सुरू झालेल्या परंपरेची १९९८ सालची यादी म्हणजे टर्मिनोलॉजिया अ‍ॅनाटॉमिका. तिच्यात ते नाही. पक्ष्यांच्या वेगळ्या नामावलीत आहे. गावठी कोंबडी साफ करताना मानेतली नळी ओढली की छातीत दोन्ही बाजूंना दोन बारीक दोरे ताणलेले दिसतात, एका टोकाला नळी आणि दुसऱ्या टोकाला छातीचं हाड. तेच हे. कोकणातल्या घराघरांत ते कोणी ना कोणी पाहिलेले आहेत. पक्ष्याचा आवाज श्वासनलिकेच्या खालच्या टोकाशी, सिरिंक्समध्ये, तयार होतो, आणि नळी खाली ओढून तिचा ताण बदलायला हे स्नायू लागतात. पक्ष्यांच्या श्वासनलिकेची कडीही पूर्ण गोल असतात, आपली मागून उघडी. माणसाचा आवाज वर, स्वरयंत्रात. म्हणून आपल्याला ओढ हवी ती हायॉइडवर आणि थायरॉइड कूर्चेवर.

आमच्या नोंदीत ओळ अशी गेली: दोन्ही स्टर्नोथायरॉइडची पूर्वी कापलेली खालची टोकं प्रीट्रॅकिअल फॅशियासह मध्यरेषेत चिकटलेली, पट्टा दुसऱ्या कड्यावरून सोडवला, तिसऱ्या कड्याखाली तसाच ठेवला, क्रिकॉइडपासून मोजून दुसऱ्या-तिसऱ्या कड्यामध्ये छेद.

'तसाच ठेवला' हे दोन शब्द मुद्दाम लिहिले. नळी निघाली आणि कोणी घाईत नवी नळी सरळ खाली रेटली, तर ती या पट्ट्याच्या पुढून घसरून श्वासनलिकेच्या बाहेर, उरोस्थीच्या मागे जाईल. सातव्या दिवशी नळी बदलली तेव्हाही टाक्यांचे धागे पुढे ओढून, आत गाइड घालून, आधी मागे आणि मग खाली अशीच घातली. निवासी डॉक्टरांनी मालवणच्या आरोग्य केंद्रासाठी कार्डाच्या मागच्या बाजूला मराठीत चित्र काढून दिलं. पट्टा लाल पेनानं, त्यावर बाण, आणि शेजारी सूचना: नळी निघाल्यास दोन्ही धागे पुढे ओढा, छिद्र दिसल्याशिवाय काहीही आत घालू नका, तोवर छिद्रावर ऑक्सिजन धरा. सुनेनं ती सूचना तीनदा वाचून दाखवली, सक्शनची नळी किती आत घालायची ते खुणेनं विचारलं, आणि कार्ड पुन्हा त्याच पिशवीत घातलं.