काळभोवरा, नोंद 4: सावलीचे चार पिक्सेल आणि यानातली घड्याळं

काळभोवरा म्हणजे कोडने रंगवलेला कृष्णविवराभोवतीचा प्रदेश. प्रदेश कल्पित, गणित खरं, या अटीवरच तो उभा आहे. मधोमध न फिरणारं कृष्णविवर, वस्तुमान 10 कोटी सूर्यांइतकं. क्षितिजाची, म्हणजे जिच्या आतून प्रकाशही सुटत नाही त्या सीमेची, त्रिज्या साधारण 29.5 कोटी किलोमीटर. कोडमध्ये तिलाच 1 धरलंय, पुढची सगळी अंतरं केंद्रापासून याच मापात. कॅमेरा 30 वर, दृश्यकोन आडवा 40 अंश, चित्र 1920 पिक्सेल रुंद.

किरण नेहमीसारखेच, कॅमेऱ्यातून उलटे सोडलेले. त्वरण केंद्राच्या दिशेने: दीड गुणिले कोनीय संवेगाचा (अंतर गुणिले आडवा वेग) वर्ग, भागिले अंतराचा चौथा घात. संवेग सुरुवातीला एकदाच काढायचा. वाटेत वेग पुन्हा 1 करायचा मोह आवरा, नाहीतर किरण भलतीकडेच वळतो. किरण पुढे सरकवायची पायरी ठरावीक 0.1 ठेवली तर 1.5 च्या प्रकाशवलयाजवळ, म्हणजे जिथे प्रकाशही गोल फिरू शकतो तिथे, कडेचे तुकडे पडतात. पायरी अंतराच्या 2 टक्के ठेवली की कडा जुळते.

आता या खेपेची खरी डोकेदुखी. सावलीची, म्हणजे चित्रातल्या मधल्या काळ्या चकतीची, त्रिज्या हिशेबाने 225 पिक्सेल यायला हवी, चित्रात 229 येत होती. पायरी निम्मी केली, पाव केली, आकडा ढिम्म. म्हणजे चूक किरणाच्या वाटेत नव्हती, तो सोडण्यात होती. 30 वर स्थिर असलेल्या कॅमेऱ्याला दिसणारा कोन आणि आपल्या अक्षांवरचा कोन एक नसतात. किरण सोडताना दिशेचा केंद्राकडचा घटक (1 − 1/अंतर) च्या वर्गमुळाने, इथे 0.983 ने, गुणायचा. गुणला, आणि 225 आले. चार पिक्सेल कुणाच्या डोळ्यांना दिसले नसते, पण हेच वर्गमूळ तिथलं घड्याळही मंद करतं. कॅमेऱ्यात ते विसरायचं आणि घड्याळात वापरायचं, हे चालणार नाही.

घड्याळांत सगळ्यांचा घोळ एकाच जागी होतो. वरचं वर्गमूळ इंजिनाच्या जोरावर एका जागी तरंगणाऱ्या यानासाठी आहे. कक्षेत फिरणाऱ्या यानाला वेगामुळेही काळ मंदावतो, म्हणून तिथे (1 − 1.5/अंतर) चं वर्गमूळ. 3 वरच्या, म्हणजे सर्वांत आतल्या स्थिर कक्षेत हे 0.707 येतं, तरंगणाऱ्याचं 0.816. त्या कक्षेची एक फेरी दूरच्या घड्याळात 12.6 तासांची, यानात 8.9 तासांची. 3 च्या आत कक्षा टिकत नाही, 1.5 च्या आत तर कक्षाच नाही, तिथे फक्त तरंगायचं. 1.01 वर यानातला एक तास म्हणजे बाहेरचे दहा तास.

यानातल्या 'एका तासाला बाहेरची सात वर्षं' हवीत, ही मागणी येणारच. 'इंटरस्टेलर' चित्रपटात त्यासाठी भौतिकशास्त्रज्ञ किप थॉर्न यांनी जवळजवळ कमाल वेगाने फिरणारं कृष्णविवर घेतलं. आपलं फिरत नाही, त्यामुळे यान तरंगवत ठेवायचं तर त्याची त्रिज्या क्षितिजाच्या त्रिज्येपेक्षा जेमतेम 80 मीटरने जास्त, म्हणजे अंतर 1 अधिक 0.00000000027. हा आकडा 32-बिट फ्लोटमध्ये, म्हणजे जेमतेम सात अंक अचूक धरणाऱ्या साठवणीत, थेट 1 होतो, शून्याने भागाकार होतो आणि घड्याळावर अनंत उमटतं. म्हणून अंतर साठवायचंच नाही. क्षितिजापासूनचं जादा अंतर वेगळ्या चलात ठेवायचं आणि वर्गमूळ (जादा / (1 + जादा)) चं काढायचं.