साडेचार मिलिमीटरचा परवाना

डिसेंबर २०२३ मध्ये कोल्हापूरला गेले होते, तेव्हा माझ्या भाचीने मला हट्टाने दुधाळीच्या शूटिंग रेंजवर नेले आणि स्वतःचे दहा मीटरचे एअर पिस्तूल हातात दिले. “मावशी, चाप ओढू नकोस, नुसता दाबत राहा, गोळी कधी सुटली ते तुला कळताच कामा नये,” असे ती सांगत राहिली आणि मी अर्धा तास कागदाच्या कडांना भोके पाडत राहिले. महाविद्यालयात असताना एनसीसीत पॉइंट टू टूची रायफल चालवली होती, परंतु ती जमिनीवर पालथे पडून. एका हाताने, उभ्याने आणि कोठेही टेकू न घेता साडेअकरा मिलिमीटर व्यासाचा दहाचा ठिपका गाठणे ही वेगळीच विद्या आहे. पंचेचाळिशीत एखाद्या गोष्टीचे वेड लागावे आणि ती गोष्ट निरुपद्रवी असावी, याचे मला तेव्हा समाधान वाटले होते. निरुपद्रवी हा शब्द मी न्यू जर्सीला परतल्यावर मागे घेतला.

भारतात साडेचार मिलिमीटरच्या, म्हणजे पॉइंट वन सेव्हन सेव्हनच्या, ठरावीक ताकदीपर्यंतच्या हवेच्या बंदुकीला शस्त्रपरवाना लागत नाही. अमेरिकेचा केंद्रीय कायदाही हवेच्या दाबावर चालणाऱ्या बंदुकीला अग्निशस्त्र मानत नाही. त्यामुळे मी अगदी निर्धास्तपणे एका दुकानाच्या संकेतस्थळावर पिस्तूल निवडले, पत्ता भरला, आणि राज्याचे नाव निवडताच ‘आपल्या राज्यात हा माल पाठवता येत नाही’ अशी ओळ उमटली. कारण शोधताना कळले की न्यू जर्सीच्या फौजदारी संहितेत अग्निशस्त्राची व्याख्या फार रुंद आहे. स्प्रिंग, दाबलेली हवा किंवा कार्बन डायऑक्साइड यांच्या जोरावर तीन अष्टमांश इंचापेक्षा लहान गोळी फेकणारे आणि इजा करू शकेल इतकी ताकद असलेले हत्यारही त्या व्याख्येत बसते. म्हणजे माझ्या कागद भोकणाऱ्या पिस्तुलाला नऊ मिलिमीटरच्या खऱ्या पिस्तुलासाठी लागतो तोच परवाना हवा. डेलावेअर नदी ओलांडून पेनसिल्व्हेनियात गेले, तर तेथे बहुतेक ठिकाणी तेच पिस्तूल खेळाच्या साहित्याच्या दुकानात पैसे मोजून मिळते. ते उचलून परवान्याशिवाय इकडे आणणे मात्र गुन्हा ठरतो. (जत्रेतली फुगे फोडायची बंदूकसुद्धा येथे विकत घ्यायची म्हटली, तर पोलिसांचे ओळखपत्र लागेल. जोतिबाच्या डोंगरावर हे कोणाला सांगून पाहावे.)

भाचीला फोनवर हे सांगितले, तेव्हा ती खो खो हसली. “काय सांगतीस मावशी! अमेरिकेत तर म्हणे किराणा आणायला गेलं तरी बंदूक मिळते!” तिला वाटते तशी एकच अमेरिका शस्त्रांच्या बाबतीत नाही, हे मलाही येथे अनेक वर्षे राहून नीट ठाऊक नव्हते. शस्त्र खरेदी करणाऱ्याने आधी पोलिसांचे ओळखपत्र घ्यावे, हा नियम न्यू जर्सीने १९६६ साली केला; केंद्राचा मोठा शस्त्र नियंत्रण कायदा त्यानंतर दोन वर्षांनी आला. पिस्तुलासाठी येथे दर नगाला वेगळा खरेदी परवाना लागतो, आणि तो वयाची २१ वर्षे पूर्ण झालेल्यालाच मिळतो.

आपल्या लोकांत एक गोंधळ हमखास आढळतो, म्हणून येथेच सांगते. जून २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने न्यू यॉर्कच्या एका खटल्यात निकाल दिला आणि त्यानंतर न्यू जर्सीतही ‘सबळ गरज’ सिद्ध करण्याची अट गेली. परंतु ती अट पिस्तूल अंगावर बाळगून हिंडण्याच्या परवान्याला होती. खरेदीच्या परवान्याला ती पूर्वीही नव्हती. मला पिस्तूल कशासाठी हवे, हे सिद्ध करण्यास कोणीही सांगितले नाही. मी कोण आहे, याचीच काय ती चौकशी झाली, आणि ती मात्र कसून झाली.

अर्ज राज्य पोलिसांच्या संकेतस्थळावर भरायचा असतो, पण निर्णय आपापल्या गावचा पोलीस प्रमुख घेतो. ओळखपत्राचे ५० डॉलर आणि परवान्याचे २५ डॉलर. डिसेंबर २०२२ पर्यंत हेच शुल्क अनुक्रमे ५ आणि २ डॉलर होते, हे ऐकून माझ्या नवऱ्याने “तुला वेड लागायला एकच वर्ष उशीर झाला,” असा शेरा मारला. त्यानंतर खासगी केंद्रात जाऊन बोटांचे ठसे दिले, सुरक्षित हाताळणीच्या प्रशिक्षणाची २०२२ मध्ये आलेली अट पूर्ण केली, आणि दोन माणसांची नावे संदर्भ म्हणून दिली. एक कचेरीतली सहकारी, दुसरा आमच्या मंडळाच्या गणेशोत्सवात दरवर्षी मखर उभारणारा तरुण. त्याचा दुसऱ्याच दिवशी फोन आला: “ताई, तुमच्या नावाने पोलिसांचा मेल आलाय. फसवणुकीचा तर नाही ना? मी अजून उघडला नाही.” मी दारू पिते का, भांडकुदळ आहे का, माझ्या हाती शस्त्र देण्यास त्याची काही हरकत आहे का, अशा धाटणीचे प्रश्न होते. मखराच्या रंगावरून आमचे दोन वेळा कडाक्याचे वाजले आहे, ते त्याने बहुधा कळवले नसावे.

खरी अडचण एका प्रश्नापाशी आली. कोणत्याही मानसिक तक्रारीसाठी कधीही, रुग्णालयात दाखल होऊन किंवा न होता, डॉक्टरकडून उपचार घेतले आहेत का, असे अर्जात विचारलेले असते, आणि त्याचबरोबर मानसिक आरोग्याच्या नोंदी तपासण्यास लेखी संमती द्यावी लागते. आपण ज्या ज्या काउंटीत राहिलो तेथे ही तपासणी होते. मी आधी जर्सी सिटीत राहत असल्याने माझी दोन ठिकाणी झाली. २०२० साली माझे वडील गेले. विमाने बंद होती, मला जाता आले नाही, आणि त्यांचे अंत्यसंस्कार मी फोनच्या पडद्यावर पाहिले. त्यानंतर काही महिने मी एका मनोविकारतज्ज्ञाकडे जात होते आणि झोपेसाठी औषध घेत होते. हे माझ्या नवऱ्याखेरीज येथे कोणालाही ठाऊक नव्हते. सासरी तर अजिबात नाही. आता ते एका सरकारी चौकटीत ‘होय’ म्हणून लिहायचे होते.

‘नाही’ लिहून टाक, कोण बघतो, असा सल्ला देणारे भेटले. त्यांनी कायदा वाचलेला नव्हता. अर्जात जाणूनबुजून खोटे लिहिणे हा येथे तुरुंगवासास पात्र असा गुन्हा आहे, शिवाय तेवढ्या एका कारणावरून अर्ज फेटाळला जाऊ शकतो. उलट उपचार घेतल्याने आपोआप अपात्रता येत नाही. मी ‘होय’ लिहिले. आठवडाभराने पोलीस ठाण्यातून तपास अधिकाऱ्याचा फोन आला आणि त्यांनी डॉक्टरांचे पत्र मागितले. ते सभ्यपणे बोलले, हे मला नोंदवले पाहिजे. डॉक्टरांनी चार ओळींचे पत्र दिले. ते पोलिसांकडे पाठवताना मला जे वाटले त्याला अपमान म्हणता येणार नाही, पण ते त्याच्या बरेच जवळचे होते. शस्त्र मागणाऱ्याच्या मनःस्थितीची चौकशी व्हावी, हे मला तेव्हाही पटत होते आणि आजही पटते. मात्र शोकासाठी मदत घेणारी बाई आणि दुसऱ्याच्या जिवावर उठलेला माणूस या दोघांना तो प्रश्न एकाच चौकटीत उभे करतो. अशा चौकटीच्या भीतीने जो डॉक्टरकडे जाणेच टाळतो, तो या अर्जात कोठेच दिसत नाही.

कायद्याप्रमाणे राज्यातील रहिवाशाला ३० दिवसांत परवाना मिळायला हवा. माझा अर्ज २१ मार्च २०२४ रोजी दाखल झाला आणि परवाना ३ जूनला आला, म्हणजे ७४ दिवस लागले. मधल्या काळात ठाण्यात दोनदा विचारणा केली, तेव्हा ‘काम चालू आहे’ एवढेच उत्तर मिळाले. ज्यांना ही वाट पाहणे घरच्या किंवा दुकानाच्या संरक्षणासाठी करावी लागते, त्यांचा जीव कसा टांगणीला लागत असेल, याचा मला अंदाज आला. अर्ज फेटाळला गेला, तर वरिष्ठ न्यायालयात अपील करता येते. ओळखीतल्या काही तरुणांनी आपणही अर्ज करू का, असे विचारले. त्यांना सांगितले की ग्रीन कार्ड असेल तर करता येतो, परंतु एच-वन-बीसारख्या तात्पुरत्या व्हिसावर असणाऱ्यांना खरे अग्निशस्त्र बाळगण्यास केंद्रीय कायद्याचीच मनाई आहे, आणि तिला शिकारीच्या परवान्यासारखे मोजकेच अपवाद आहेत.

परवाना ९० दिवसांचा असतो आणि तो फक्त एका पिस्तुलासाठी चालतो. माझ्या डाव्या हाताला बसणारी मूठ युरोपातून यायची होती आणि ती येईना. १ ऑगस्टला पॅरिसमध्ये आमच्या कोल्हापूर जिल्ह्यातल्या कांबळवाडीच्या स्वप्निल कुसाळेने ५० मीटर रायफलमध्ये कांस्यपदक घेतले, तेव्हा भाचीच्या घरी फटाके वाजत होते आणि माझ्याजवळ नुसता परवाना होता. मुदत आणखी ९० दिवस वाढवून मागता येते, पण तशी वेळ आली नाही. ८३व्या दिवशी दुकानदाराचा फोन आला.

आता आठवड्यातून एकदा क्लबच्या रेंजवर जाते. पिस्तूल रिकामे, पेटी बंद आणि कडीकुलपात, पेटी डिकीत. रेंजवर जाता-येता वाट वाकडी करायची तर ती ‘वाजवी गरजेपुरतीच’ असावी, असे कायदा सांगतो. हवेच्या पिस्तुलाला त्याने सवलत ठेवली आहे ती शिक्षेत: बेकायदा बाळगल्यास खऱ्या पिस्तुलासाठी पाच ते दहा वर्षे, तर याच्यासाठी तीन ते पाच. त्यामुळे रेंजवरून परतताना इसेलिनच्या ओक ट्री रोडवर कोथिंबीर घ्यायला थांबणे वाजवी गरजेत बसते का, या प्रश्नावर आमच्या घरी बराच खल झाला. नवऱ्याच्या मते कढीसाठी बसते, सजावटीसाठी बसत नाही. मी थांबत नाही. आधी घरी येते, पेटी कपाटात कुलूपबंद करते, आणि मग पुन्हा गाडी काढून कोथिंबीर आणायला जाते.